अर्धं मूळ

हेल्दूर कुंपणावरून पुन्हा म्हणाला:
तुमची घंटाफुलं माझ्या हिरवळीत शिरलीत.
'तुमची' म्हणाला,
जणू मीच त्यांना रोज दाणापाणी घालून
पलीकडे पिटाळते.

चार दातांचं खोरं घेतलं,
गुडघ्याखाली सायकलच्या ट्यूबची घडी,
आणि बसले.
वरचा देठ अगदी गरीब. एका बाजूनं ओळीनं
जांभळ्या निळ्या घंटा, माना खाली घातलेल्या.
ओढला की येतो.
माणूस फसतो तो इथेच.
खाली मूळ असतं, पांढरंफेक, बाळमुळ्याएवढं जाड,
वीतभर सरळ उतरतं
आणि मग कुठे वळतं ते त्याचं त्यालाच ठाऊक.
कट्.
अर्धं हातात. अर्धं खाली, गप्प.
पुढच्या जुलैत त्याची दोन होतात.

अठ्ठावीस उन्हाळे मी हेच करते आहे.

सासू कधी हात लावायची नाही.
आल्वीने तिचं नाव. शब्द मोजून वापरायची,
आणि उरलेले परत ठेवायची.
हे मी लावलेलं नाही, म्हणायची, आणलेलं आहे.
जंगलाच्या कडेला तिच्या माहेरचं शेत होतं.
एकदा दाखवायला नेलं मला:
चुलीचे दगड, एक रानटी झालेलं लायलॅक,
बैठकीच्या खोलीत उभे तीन बर्च,
आणि दारापासून विहिरीपर्यंत
दोन्ही अंगांना हीच घंटाफुलं,
कुणी येणार असल्यासारखी.

ही रानातून अंगणात आली, की अंगणातून रानात गेली?
मी विचारलं.
आल्वीने विहिरीत वाकून बघत राहिली.
मग म्हणाली,
ज्या वर्षी गाय सामूहिक शेतीत जमा झाली
त्या वसंतात बटाटे एप्रिलमध्येच संपले.
आईनं ही मुळं उकडली.
मीठ होतं.
आम्ही सगळी खणली, सगळी खाल्ली,
एक म्हणून ठेवलं नाही.
जुलैत दारापासून विहिरीपर्यंत सगळी हजर.

तेव्हा मला ती भाकडकथा वाटली.
आता हातात अर्धं मूळ धरून बसले आहे.

इथे रात्र उशिरा येते, तीही पुरती नाही.
अकराच्या सुमाराला कुंपणाच्या फटीतून
हेल्दूरची नात आली, मेरिली, सात वर्षांची,
पायजमा, आजोबांचे गमबूट, आणि टॉर्च.
आजी, खणू नकोस आता, ती कुजबुजली, झोपलेत.
कोण?
तिनं एका बोटानं एक घंटा जरा वर उचलली.
आत तीन बारीक काळ्या माशा,
डोकी खोल, शेपट्या बाहेर,
एकमेकींना चिकटून.
एकमेकांना, तिनं मला सुधारलं. हे नर आहेत.
यांना घर नसतं. संध्याकाळी जे फूल मिळेल ते.

आमच्या भाषेत घंटेला आणि घड्याळाला
एकच शब्द: केल.
केल वाजली तर उठतील का? मेरिलीनं विचारलं.
ही वाजत नाही गं, मी म्हटलं.
म्हणून तर इथे झोपतात, ती म्हणाली,
आणि टॉर्च विझवली.

पलीकडे हेल्दूर उभा होता.
किती वेळ, कुणास ठाऊक.
किती खोल गेलीस, लीदिया?
कोपरापर्यंत.
मिळालं?
अर्धं.
तो हसला नाही. त्याचीही आई
त्याच वसंतातली.

सकाळी बादलीतली मुळं धुतली, उकडली, मीठ घातलं.
आधी चवच लागत नाही. मग किंचित गोड.
मग माती.
एक बशी कुंपणावरून दिली. रिकामी परत आली,
धुतलेली, खाली दोन अंडी.

सोलताना तुटलेली टोकं
मी खताच्या खड्ड्यात टाकली.
टाकू नयेत.
ठाऊक आहे.